देवघरातला समुद्र

मेहकरचं घर विकायचं ठरलं तेव्हा वाटण्या करायला आम्ही तिघंच होतो. मी, धाकटा भाऊ आणि काकू. पितळी घंगाळाला दोन गिऱ्हाइकं निघाली, आईच्या जरीच्या लुगड्यांना तीन. पाटा-वरवंटासुद्धा भावानं बंगळूरला न्यायला गाडीत चढवला. (तो आता तिथल्या बाल्कनीत मनीप्लँटच्या कुंडीखाली आहे.) शेवटी देवघराच्या कोनाड्यात एकच गोष्ट उरली, जी कुणालाच नको होती. तांब्याच्या ताम्हनात बसलेला, लिंबाएवढा, काळा कुळकुळीत शाळिग्राम.

"त्याचं रोजचं कोण करणार?" भाऊ म्हणाला. "आम्ही दोघंही सकाळी सातलाच बाहेर पडतो."

काकूंचं म्हणणं, देवळात देऊन टाका. शाळिग्राम उपाशी राहिला तर घराला बाधतो. रोज आंघोळ, रोज तुळशीचं पान, रोज नैवेद्य, तेही सोवळ्यात. आणि बायकांनी त्याला हात लावायचा नाही. हे शेवटचं मला लहानपणापासून पाठ होतं. आजोबा कद नेसून पूजेला बसले, की मी उंबऱ्यावर बसून पाहायचे. बाळकृष्ण, अन्नपूर्णा, टाक यांना मी हात लावला तर आजी फक्त डोळे वटारायची. शाळिग्रामाकडे हात गेला, की मात्र पाठीत धपाटा. आजोबांच्या वडिलांना काशीयात्रेत कुणा नेपाळी बैराग्यानं तो दिला, एवढीच त्याची कुळकथा.

आता धपाटा घालणारं कुणी उरलं नव्हतं. मी तो उचलला, रुमालात गुंडाळला आणि पर्समध्ये टाकला. वर हळदकुंकवाचा करंडाही घेतला. देवावरच्या प्रेमानं नाही घेतला, खरं सांगते. सगळ्यांनी नाकारलेली वस्तू कोनाड्यात सोडून कुलूप लावायचं, ते जमलं नाही.

पुण्याला परतताना आम्ही लोणारवरून जालन्याकडे निघालो. लेकीनं सरोवर पाहिलेलं नव्हतं, आणि मेहकरची लेक असून आपल्या पोरीला लोणार दाखवलं नाही म्हणजे अगदीच वाईट. शाळेची सहल तिथे दरवर्षी जायची. गुरुजी काठावर उभे राहून काठीनं दाखवायचे, "हे ज्वालामुखीचं तोंड." आम्ही खाली वाकून धूर दिसतो का पाहायचो.

गुरुजींना नावं ठेवायचं कारण नाही. जगभरातल्या भल्याभल्यांना तसंच वाटत होतं. १८२३ साली अलेक्झांडर नावाच्या ब्रिटिश अधिकाऱ्यानं या सरोवराची नोंद केली. पुढे १८९६ मध्ये गिल्बर्ट या अमेरिकी भूवैज्ञानिकानं ॲरिझोनातल्या अशाच एका खड्ड्याशी लोणारचं साम्य असल्याचं लिहिलं. साम्य त्यानं अचूक ओळखलं, पण ॲरिझोनाच्या खड्ड्याचं कारण म्हणून त्यानं पोटातल्या वाफेचा स्फोट धरला. दोन्ही खड्डे वरून पडलेल्या दगडांनी झाले होते. दोन चोरांचे चेहरे सारखे आहेत हे ओळखून दोघांनाही सोडून दिल्यासारखं झालं ते.

आणि लोणारबद्दल ज्वालामुखीचा संशय येणार नाही तर काय होईल? अख्खा प्रदेशच लाव्ह्याचा. मेहकर, लोणार, जालना, पुणे, जिथे खणाल तिथे काळा पाषाण. विहीर खणणारा माणूस तुम्हाला सांगेल, वर काळी माती, मग मुरूम, मग कातळ, मग एखादा लाल मातीचा पट्टा आणि पुन्हा कातळ. तो लाल पट्टा म्हणजे दोन लाव्ह्यांच्या मधली विश्रांती. एक थर थंड झाला, त्यावर ऊनपाऊस पडला, माती झाली, मग पुढचा लाव्हा येऊन तिला भाजून गेला. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी हे सुरू होतं. टोकदार डोंगरातून धूर, असं चित्र डोळ्यांपुढे आणू नका. जमिनीला लांबच लांब भेगा पडायच्या आणि पातळ पिठलं कढईत पसरावं तसा लाव्हा पसरायचा. आज उरलेलं क्षेत्र जवळजवळ ५ लाख चौरस किलोमीटर आहे. सह्याद्रीच्या अंगावर जे आडवे पट्टे दिसतात ते हेच. इंग्रज त्यांना 'ट्रॅप' म्हणाले, स्वीडिश भाषेतल्या जिन्याच्या शब्दावरून.

तर महाराष्ट्रात थर आडवे असतात. घाट चढताना खिडकीतून पाहा, पट्टीनं आखल्यासारखे. लोणारच्या काठावर मात्र मी लेकीला एक जागा दाखवली जिथे ते बाहेरच्या बाजूला कलले आहेत. काही ठिकाणी तर वरचा थर खाली आणि खालचा वर, असे उलटेच पडले आहेत. फुटक्या कुकरची शिट्टी उडाली, की झाकणाच्या कडा जशा बाहेर वळतात, तसं काहीसं. कडेची जमीन आजूबाजूच्या रानापेक्षा वर उचललेली आहे. आपण सपाट शेतातून येतो, थोडा चढ चढतो, आणि एकदम पायाखालची जमीन संपते. समोर जवळपास १.८ किलोमीटर रुंद, गोल, झाडीनं भरलेली कढई, तळाशी हिरवट पाणी.

आमच्याबरोबर चाळिशीतला एक गाइड होता. त्यानं खिशातून लोहचुंबक काढलं, काठावरच्या मातीत फिरवलं आणि त्याला चिकटलेली काळी रेती दाखवली. "ही उल्केची, ताई." मी काही बोलले नाही. ती रेती बेसॉल्टमधल्या, म्हणजे आपल्या काळ्या पाषाणातल्या, मॅग्नेटाइट या लोहखनिजाची असते. आमच्या पुण्यातल्या नाल्यात चुंबक फिरवलं तरी तितकीच चिकटेल. पुढे त्यानं सांगितलं, की उल्का अजून तळ्याच्या तळाशी रुतून बसली आहे. तेही नाही. एवढ्या वेगानं आदळलेला दगड स्वतः उरत नाही. तो वितळतो, त्याची वाफ होते. ॲरिझोनाच्या खड्ड्यात लोखंडाचा मोठा गोळा सापडेल या आशेनं बॅरिंजर नावाच्या गृहस्थानं वर्षानुवर्षं खणत स्वतःचा पैसा पुरून टाकला, हाती गोळा लागला नाही. लोणारला आदळलेला अशनी साठेक मीटरचा असावा असा अंदाज करतात. म्हणजे साधारण वीस मजल्यांची इमारत, आकाशातून, सेकंदाला कित्येक किलोमीटर वेगानं.

मग पुरावा काय? तो चुंबकाला चिकटत नाही, तो सूक्ष्मदर्शकाखाली दिसतो. बेसॉल्टमध्ये फेल्डस्पार नावाचं खनिज असतं, स्फटिकाच्या बारीक काड्यांसारखं. लोणारच्या तळातून भोक पाडून काढलेल्या दगडात या काड्यांचा आकार तसाच होता, पण आतून त्या काच झाल्या होत्या. वितळून झालेली काच नव्हे, कारण वितळल्या असत्या तर आकार राहिला नसता. एका क्षणाच्या प्रचंड दाबानं आतली रचनाच विस्कटली, बाहेरचं अंग जागच्या जागी. याला मॅस्केलिनाइट म्हणतात. ज्वालामुखी कितीही तापट असला तरी हे त्याच्या ताकदीबाहेरचं काम. १९७३ साली फ्रेड्रिक्सन आणि त्यांच्या भारतीय-अमेरिकी सहकाऱ्यांनी हे छापलं आणि लोणारची फाइल एकदाची या टेबलावरून त्या टेबलावर गेली. बेसॉल्टमध्ये इतकं नीट जपलेलं आघाती विवर पृथ्वीवर फार दुर्मीळ आहे. मंगळावर आणि चंद्रावर बेसॉल्ट भरपूर असल्यामुळे तिथली विवरं समजून घ्यायला अभ्यासक बुलढाणा जिल्ह्यात येतात, हे आमच्या गावात कुणाला फारसं माहीत नाही. माहीत असायला हवं.

वयाचा मात्र घोळ आहे. एका पद्धतीनं मोजलं तर सुमारे ५२ हजार वर्षं, दुसऱ्या पद्धतीनं सुमारे ५ लाख ७० हजार. मला दुसरा आकडा जास्त पटतो, कारण तो आघातात वितळलेल्या खडकातल्या आरगॉनवरून काढला आहे. पण कुठलाही घ्या, तेव्हा या उपखंडात दगडाची हत्यारं करणारी माणसं कुठे ना कुठे हिंडत होतीच. त्यातल्या कुणी तो उजेड पाहिला असेल का, हे लेकीनं विचारलं. मी म्हटलं, जवळून पाहणारा सांगायला उरला नसेल.

गोष्ट मात्र उरली. लवणासुर नावाचा दैत्य इथे जमिनीखाली घर करून राहायचा. विष्णूनं पायाच्या अंगठ्यानं त्याच्या घराचं झाकण उडवलं, ते लांब एका टेकडीवर जाऊन पडलं, आणि दैत्याला मारलं. खारं पाणी म्हणजे त्याचं रक्त. गावातलं दैत्यसूदनाचं देऊळ त्याचंच. कथा खड्डा पाहून मागाहून रचली असणार, यात मला शंका नाही. तरी 'वरून आलेल्या पायानं जमिनीचं झाकण उडालं' या वाक्यात ज्वालामुखी नाही, हे माझ्या मनातून जात नाही. गुरुजींपेक्षा कथा बरी निघाली.

खाली उतरायला गोमुखाच्या बाजूनं पायवाट आहे. बारमाही धार, हेमाडपंती देवळांचे काळे दगड, वेडी बाभूळ, मोर. पाण्याजवळ गेलं, की वास बदलतो, कुजकट, थोडा अंड्यासारखा. कमळजादेवीच्या देवळापाशी गाइडनं करंडा मागितला. पर्समध्ये हात घातला तेव्हा रुमालाची गाठ बोटांना लागली. करंड्यातली चिमूटभर हळद त्यानं लेकीच्या तळव्यावर टाकली आणि तळ्याचं पाणी ओतलं. पिवळी हळद डोळ्यांसमोर लाल झाली. पाणी इतकं अल्कधर्मी आहे. लेक किंचाळलीच. कुंकूही असंच करतात, हळदीला चुना आणि क्षार लावून. म्हणजे त्या असुराच्या रक्तात हळदीचं कुंकू होतं. २०२० च्या जूनमध्ये अख्खं सरोवरच गुलाबी झालं होतं. ते मात्र हळदीमुळे नव्हे, तर खारट पाण्यात वाढणाऱ्या हॅलोआर्किया या सूक्ष्म जीवांमुळे, असं पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेनं पाहून सांगितलं.

लेकीनं हात पुसायला रुमाल मागितला आणि मी विसरून पर्समधला तोच दिला. शाळिग्राम घरंगळून काठावरच्या चिखलात पडला. लवणासुराला मारणाऱ्याचाच दगड, त्याच्याच रक्तात. आजी असती तर मला तिथेच बुडवलं असतं.

घरी आल्यावर दुसऱ्या दिवशी मी तो बेसिनमध्ये नळाखाली धरला आणि जुन्या टूथब्रशनं घासला. लोणारचा चिखल गेला. त्याखाली तीन पिढ्यांचं चंदन होतं, भेगांमध्ये सिमेंटसारखं बसलेलं, तेही हळूहळू सुटलं. एका बाजूला करंगळीचं टोक जाईल एवढं भोक. पाहता पाहता भोकाच्या कडेला रेघा दिसायला लागल्या. एकसारख्या अंतरावर, आतून बाहेर वळत गेलेल्या, काटेरी. मी बॅटरी आणली, भिंग आणलं. आत सरळ सरळ चकली बसलेली होती. सोऱ्यातून नुकती उतरवलेली, काटे नीट धरलेली चकली.

आजोबा त्याला विष्णूचं चक्र म्हणायचे. पुस्तकात त्याला अमोनाइट म्हणतात. शिंपल्यासारख्या वेटोळ्या घरात राहणारा, माखल्याच्या दूरच्या नात्यातला समुद्री प्राणी. घर वाढेल तसा मागचा खण बंद करून पुढच्या खणात राहायला यायचा, चाळीतल्या बिऱ्हाडासारखा. मेला की तळाशी, चिखलात. चिखलातली खनिजं त्याच्याभोवती गोळा होऊन गाठ बनायची आणि ती गाठ म्हणजे हा शाळिग्राम. नेपाळात काली गंडकीच्या पात्रात, मुक्तिनाथाच्या परिसरात ते सापडतात. त्या खडकांचं वय धरलं तर माझ्या हातातल्या जिवाला सुमारे १५ कोटी वर्षं झाली होती. पुराणवाल्यांनीही हे चक्र आपोआप झालं असं म्हटलेलं नाही. त्यांच्या मते ते वज्रकीट नावाच्या किड्यानं कोरलं. दगडात एका जिवाचं काम आहे एवढं त्यांनी पाहून ठेवलं होतं. किडा दगडात शिरला की दगड किड्याभोवती झाला, एवढाच काय तो फरक.

पण समुद्रातला प्राणी साडेतीन हजार मीटरांहून उंच जागी कसा? तर समुद्र तिथेच होता. टेथिस. भारत तेव्हा दक्षिणेकडे, आफ्रिका, अंटार्क्टिका, ऑस्ट्रेलिया यांच्या गोतावळ्यात. मग घर फुटलं. सुमारे ८ कोटी ८० लाख वर्षांपूर्वी मादागास्कर मागे राहिलं. दख्खनचा लाव्हा वाहत होता त्याच सुमारास आजच्या मुंबईच्या पश्चिमेला चिकटलेलं सेशेल्ससुद्धा सुटं व्हायला लागलं. भारत एकटा उत्तरेला निघाला, वर्षाला १५ सेंटिमीटरांच्या आसपास. भूखंडांच्या चालीत हे धावणंच. पुढचा समुद्रतळ आशियाखाली जात राहिला आणि सुमारे ५ कोटी वर्षांपूर्वी समुद्र संपून जमिनीला जमीन लागली.

याला टक्कर म्हणतात तेव्हा मला थोडं हसू येतं. टक्कर म्हटलं की ट्रक आणि एसटी डोळ्यांपुढे येते. ही टक्कर सुरू होऊन ५ कोटी वर्षं झाली आणि अजून संपलेली नाही. सतरंजी भिंतीला टेकल्यावरही मागून कुणी ढकलत राहावं, तशा चुण्या. समुद्रतळाचा चिखल त्या चुण्यांवर बसून वर गेला. एव्हरेस्टच्या अगदी माथ्यावर चुनखडक आहे, त्यात समुद्री जिवांचे तुकडे. आणि डोंगर वर येत असताना काली गंडकी त्याला कापत राहिली, एका हाताला धवलगिरी, दुसऱ्या हाताला अन्नपूर्णा. कापता कापता गाठी सुटल्या, घरंगळल्या, गुळगुळीत झाल्या, बैराग्यांच्या झोळीत गेल्या.

ती ढकलाढकल मी अंगावर घेतलेली आहे. १९९३ साली बाबांची बदली सोलापूरला होती. अनंत चतुर्दशी झाली, गणपती बुडवून उशिरा येऊन झोपलो. ३० सप्टेंबरच्या पहाटे, चार वाजायच्या जरा आधी, मांडणीवरची भांडी वाजायला लागली. आधी मला वाटलं, उंदीर. मग पलंग सरकला. आईनं आम्हाला अंथरुणासकट ओढत अंगणात आणलं. रस्त्यावर सगळी गल्ली, कुणाच्या अंगावर काय याचं भान नाही, आणि एक म्हातारे गृहस्थ बाप्पाचं विसर्जन मुहूर्त टळून केल्याबद्दल मंडळाच्या पोरांना शिव्या देत होते. सकाळी किल्लारीचं नाव कानावर आलं. सुमारे १० हजार माणसं गेली. जाडजूड दगडी भिंती मातीत रचलेल्या, वर माळवदाचं ओझं. झोपेतल्या माणसांवर घरंच आली. दख्खनचा काळा पाषाण, ज्याच्या भरवशावर आपण 'आपल्याकडे भूकंप होत नाही' म्हणायचो, तोच भिंतींमध्ये होता. नंतर बरेच दिवस आम्ही मैदानात झोपलो आणि बाबा ताऱ्यांची नावं सांगत राहिले. ते घाबरलेत हे मला तेव्हा कळलं नाही.

हिमालय सोलापूरपासून हजारावर किलोमीटर लांब. पण भारताचा भूपट्ट, म्हणजे ज्यावर देश बसलाय तो कवचाचा तुकडा, अजूनही वर्षाला सुमारे ५ सेंटिमीटर सरकतो आहे, पुढे आशिया अडवतो आहे, आणि हा ताण सगळ्या पट्टभर साठतो. जिथे जुनी चीर असेल तिथे कधीतरी सुटतो. किल्लारीचं कारण असंच सांगतात. तसं पाहिलं तर ज्या ढकलण्यानं देवघरात शाळिग्राम आला, त्याच ढकलण्यानं पहाटे आमची भांडी वाजली.

हे सगळं वाचत असताना मला एक प्रश्न पडला, जो आधीच पडायला हवा होता. अमोनाइट आता का नाहीत? माखले आहेत, शिंपले आहेत. जगातल्या समुद्रांत ३० कोटी वर्षांहून जास्त काळ ज्यांनी राज्य केलं, त्यांचं काय झालं?

उत्तर मिळालं आणि मी भिंग खाली ठेवलं. ते डायनोसॉरांबरोबर गेले. ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी, म्हणजे दख्खनचा लाव्हा वाहत असतानाच, दहाएक किलोमीटर रुंदीचा लघुग्रह मेक्सिकोतल्या युकातानच्या उथळ समुद्रात आदळला. चिकशुलूब. विवर सुमारे १८० किलोमीटर रुंद. त्याच्यापुढे आमचं लोणार म्हणजे परातीपुढे पळी. ते आज दिसत नाही, वर चुनखडकाचा जाड थर आहे. पण त्याच्या कडेकडेनं जमिनीत गोल विहिरींची एक कमान उमटली आहे, आणि माया लोक त्या विहिरींना पवित्र मानत, त्यांत अर्पण टाकत. खड्डा झाला, की माणूस तिथे देव बसवतो, बुलढाण्यात काय आणि युकातानात काय.

याचा छडा इटलीत लागला, तोही बोटभर मातीवरून. गुब्बिओ गावाजवळच्या चुनखडकात एक सेंटिमीटरभर जाडीचा चिकणमातीचा थर आहे. खाली जुने जीव, वर दुसरेच. वॉल्टर अल्वारेझ या भूवैज्ञानिकानं वडिलांना विचारलं, हा थर साचायला किती काळ लागला असेल. वडील लुईस, भौतिकशास्त्रातले नोबेल मिळालेले. मोजायला घेतलं इरिडियम, जे पृथ्वीच्या कवचात नगण्य आणि अशनींमध्ये भरपूर असतं. थरात ते आसपासच्या खडकाच्या तीसपट निघालं. फ्रँक असारो आणि हेलन मिशेल या रसायनशास्त्रज्ञांसह त्यांनी १९८० मध्ये हे मांडलं. विवराची ओळख पटायला १९९१ उजाडलं.

मरण धडकेपेक्षा धुळीनं आलं. आदळलेल्या जागी जिप्सम होतं, त्याचं गंधक वर गेलं, ऊन अडलं, थंडी पडली. समुद्राच्या वरच्या थरातलं बारीक हिरवं जीवन उपाशी मेलं. अमोनाइटांची पिल्लं अगदी चिमुकली, त्याच वरच्या थरात तरंगणारी, असं मानतात. त्यांचा चुलत नॉटिलस खोल पाण्यात मोठी अंडी घालायचा. तो वाचला, आजही आहे. चकली संपली.

आता मराठी माणसाला साहजिकच वाटतं, आमच्या लाव्ह्याचं काय? एवढा ५ लाख चौरस किलोमीटरांचा वणवा त्याच वेळी पेटलेला, आणि श्रेय सगळं मेक्सिकोला? प्रिन्स्टनच्या गेर्टा केलर यांनी दख्खनची बाजू वर्षानुवर्षं लावून धरली. चिकशुलूबच्या धक्क्यानं आमचा लाव्हा आणखी उसळला, असं पॉल रेनी आणि सहकाऱ्यांनी २०१५ मध्ये सुचवलं. कुणी तर मुंबईजवळच्या समुद्रात आणखी मोठं विवर आहे म्हणून त्याला 'शिवा' नावही देऊन टाकलं, पण बहुतेक भूवैज्ञानिक ते मानत नाहीत आणि मलाही ते जरा हौसेचं वाटतं. जेवढं वाचलं त्यावरून माझं मत, घाव मेक्सिकोचाच. आपण फार तर आधीपासून ताप आणून ठेवला होता.

ताम्हनात तो दगड होता. त्याच्या वंशाचा शेवट एका धडकेनं केला, क्षणात. त्याला स्वतःला दुसऱ्या धडकेनं समुद्रातून उचलून डोंगरावर ठेवलं, कोट्यवधी वर्षं घेऊन. मला एकदम त्याच्या पोटात काही जाईना झालंय, असं काहीतरी वाटलं. मी उठले, पळीभर पाणी घातलं आणि कुंडीतलं तुळशीचं पान ठेवलं. सोवळं वगैरे काही नाही, गाऊनवरच.

ते रोजचं झालं. कधी सुरू झालं हे सांगता येणार नाही.

मध्ये लेकीनं विचारलं, सगळ्यात मोठी टक्कर कुठली? गच्चीवर होतो, अष्टमीचा चंद्र वर होता. मी बोट दाखवलं. पृथ्वी नुकती जमत होती, साडेचारशे कोटी वर्षांपूर्वी, तेव्हा मंगळाएवढा एक गोळा येऊन आदळला आणि उडालेल्या मालमसाल्याचा चंद्र झाला असं मानतात. अपोलोनं आणलेल्या दगडांतला ऑक्सिजन पृथ्वीच्या ऑक्सिजनशी जुळतो, एकाच कणकेचे दोन गोळे असावेत तसा. "म्हणजे तो पृथ्वीचा भाऊ?" ती म्हणाली. आणि पृथ्वी आई. चांदोमामा का म्हणतात, ते तिनं मला समजावून सांगितलं.

यंदा तुळशीच्या लग्नाला भाऊ बंगळूरहून आला. ऊस उभे केले, चिंचा-आवळे मांडले, अंतरपाट धरायला लेक आणि तिची मैत्रीण. नवरा म्हणून पाटावर शाळिग्राम. मी भावाला भिंग दिलं आणि बॅटरी धरली. तो बराच वेळ वाकून पाहत राहिला. मंगलाष्टकं झाली, फराळ झाला, मुलं फटाके उडवायला खाली गेली. भाऊ तिथेच.

"हा," तो म्हणाला, "वर्षभर माझ्याकडे न्यायला काय हरकत आहे? आजोबांचा म्हणजे माझ्याकडेच असायला पाहिजे तसा."

"तुम्ही दोघंही सकाळी सातला बाहेर," मी म्हटलं.

"करेन मी काहीतरी."

"पुढच्या वर्षी बघू," मी म्हणाले आणि ताम्हन उचलून आत नेलं.